बॅटरी आणि चौथी सीट

ट्रान्झिस्टरचे सेल उतरले की ते खिडकीत उन्हात ठेवायचे, हा रिवाज ज्या घरांनी पाळला त्या घरांत आज लॅपटॉप आहेत. सेल उन्हात ठेवण्यामागे शास्त्र होते. जस्त-कार्बनचा तो सेल तापला की आतली रासायनिक क्रिया जरा वेग घेई आणि रात्रीच्या बातम्या संपेपर्यंत तरी आकाशवाणी ऐकू येई. पुढे कॉर्डलेस फोन, व्हिडिओ कॅमेरे आणि पहिलेवहिले मोबाइल आले. त्यांतल्या निकेलच्या बॅटऱ्यांनी आपल्याला दुसरे शास्त्र शिकवले: नवी बॅटरी आधी बारा तास चार्जिंगला लावा आणि नंतर ती पूर्ण उतरल्याशिवाय पुन्हा लावू नका, नाहीतर तिला अर्ध्यावर थांबायची ‘सवय’ लागते. त्यानंतर भारनियमनाची वर्षे आली. साधारण २००५ पासून पुढची काही वर्षे वीज कधी जाणार याचे वेळापत्रक घरोघरी तोंडपाठ असे आणि गॅलरीच्या कोपऱ्यात इन्व्हर्टरची शिसे-आम्लाची बॅटरी ठाण मांडून बसलेली असे. तिचे शास्त्र तिसरेच. ती सदैव काठोकाठ भरलेली हवी, पाणी कमी झाले की डिस्टिल्ड वॉटर घालायचे, टर्मिनलला व्हॅसलिन फासायचे.

ही तिन्ही शास्त्रे आपापल्या जागी बरोबर होती. पंचाईत अशी, की लॅपटॉपमध्ये चौथ्याच जातीची, लिथियम-आयन बॅटरी असते आणि तिला आपण ही तिन्ही शास्त्रे एकदम लावतो. तिला गरम ठेवतो, अधूनमधून मुद्दाम शून्यावर आणतो आणि उरलेला सगळा वेळ शंभर टक्के भरून ठेवतो. मग दोन-अडीच वर्षांत ती ‘गेली’ की कंपनीच्या नावाने बोटे मोडतो. कंपन्यांच्या नावाने बोटे मोडायला चांगली कारणेही आहेत, त्यांच्याकडे येऊच. पण आधी आपल्या घरात काय चालले आहे ते पाहायला हवे.

बाळकुमसारखी वस्ती यासाठी मुद्दाम पाहण्याजोगी आहे. खाडीकाठचे आगरी-कोळ्यांचे हे गाव. पाडा नंबर एक, दोन, तीन ही त्याची जुनी ओळख. शेजारच्या कोलशेत रस्त्यावर सँडोझ, बायर, क्लॅरियंट अशी औषधांची आणि रंग-रसायनांची नावे आली. नंतर कारखानदारी ओसरली आणि क्लॅरियंटच्या जमिनीवर राहण्याचे मनोरे उभे राहिले. गावठाणाच्या कौलांवरून आता ते दिसतात. या मनोऱ्यांत राहणारा माणूस बहुधा पवई, ऐरोली, बीकेसी अशा ठिकाणी संगणकावर काम करणारा. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी लागली आणि ही सगळी कार्यालये एका आठवड्यात घरात आली. जूनपासून शाळाही घरात आली. ज्या घरात एक लॅपटॉप होता तिथे दोन-तीन झाले. कुणी नवा घेतला, कुणी दादरच्या मामाचा जुना मागून आणला. टाळेबंदी संपली तरी आठवड्यातले दोन-तीन दिवस घरून काम करण्याची पद्धत पुष्कळ ठिकाणी टिकली.

बॅटरीच्या दृष्टीने हा मोठा बदल होता. लॅपटॉपला बॅटरी बसवली ती तो हिंडता-फिरता यंत्र आहे म्हणून. घरून काम करणाऱ्याचा लॅपटॉप जेवणाच्या टेबलाच्या कोपऱ्यावर किंवा बेडरूममधल्या घडीच्या टेबलावर सकाळी नऊला बसतो तो रात्रीपर्यंत हलत नाही. त्याची वायर भिंतीतून निघत नाही. रात्रीही निघत नाही, कारण सकाळी पुन्हा लावायचीच आहे. अशा लॅपटॉपची बॅटरी वर्षातून पंधरा-वीस वेळाही वापरली जात नसेल. आणि तरीही ती मरते. ‘वापरलीच नाही तर खराब कशी झाली?’ हा प्रश्न दुरुस्तीच्या दुकानांत हमखास विचारला जातो. त्याचे उत्तर समजून घेण्यासाठी थोडे आत शिरावे लागेल.

लिथियम-आयन बॅटरीत लिथियमचे विद्युतभारित कण दोन टोकांमध्ये ये-जा करतात. एका टोकाला कोबाल्टसारख्या धातूचे ऑक्साइड असते, दुसऱ्या टोकाला ग्रॅफाइट. पेन्सिलीत असते तेच. चार्जिंग करताना कण ऑक्साइडकडून निघतात आणि ग्रॅफाइटच्या थरांत जाऊन बसतात. आपण लॅपटॉप वापरतो तेव्हा ते परत जातात. सोनी कंपनीने १९९१ मध्ये ही बॅटरी बाजारात आणली. तिच्यामागच्या संशोधनासाठी जॉन गुडइनफ, स्टॅनली व्हिटिंगहॅम आणि अकिरा योशिनो यांना २०१९ चे रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. गुडइनफ तेव्हा ९७ वर्षांचे होते. इतक्या वयात नोबेल मिळालेले दुसरे कुणी नाही.

आता हा ग्रॅफाइटचा डबा म्हणजे आपली कल्याण-डोंबिवलीहून सुटणारी लोकल समजा. बाक तिघांचा. तिघे बसले की डबा भरला, पण प्रवास सुखाचा. चौथा येतो आणि ‘जरा सरका’ म्हणतो. चौथ्या सीटवरचा माणूस अर्धा बाहेर, पहिला खिडकीच्या पत्र्याला चेपलेला, आणि चौघेही अवघडलेले. बॅटरीचे ऐंशी टक्क्यांपर्यंतचे चार्जिंग म्हणजे ते तिघे. वरचे वीस टक्के म्हणजे चौथी सीट. त्यासाठी प्रत्येक सेलवरचा विद्युतदाब सुमारे ४.२ व्होल्टपर्यंत चढवावा लागतो. तेवढ्या दाबाला आतले द्रव रसायन हळूहळू विघटित होऊ लागते. ग्रॅफाइटवर एक पातळ साय धरलेली असतेच. ती जाड होत जाते, आणि त्या सायीत काही लिथियम कायमचे अडकून पडते. अडकलेले लिथियम पुन्हा ये-जा करत नाही. तेवढी क्षमता गेली ती गेली. उष्णता असेल तर हे सगळे अधिक वेगाने होते, कारण कोणतीही रासायनिक क्रिया उष्णतेने वेग घेते. खिडकीतल्या सेलला जी गोष्ट तारक होती तीच इथे मारक ठरते.

चौथ्या सीटवर दादरपर्यंत बसून जाण्याने कुणी आजारी पडत नाही. बॅटरी शंभर टक्के भरून बाहेर पडलात आणि दिवसभर वापरलीत तर तिचे फारसे बिघडत नाही. बिघडते ते चौघांना महिनोन् महिने, रात्रंदिवस, तसेच बसवून ठेवल्याने. बॅटरी या विषयावर लोकांसाठी सतत लिहिणारे कॅनडातले इसिडोर बुकमन यांनी दिलेले अंदाज बोलके आहेत. चाळीस टक्के भरलेली सेल २५ अंश सेल्सियसला वर्षभर न वापरता ठेवली, तर तिची ९६ टक्के क्षमता शाबूत राहते. तीच शंभर टक्के भरून ठेवली तर ८० टक्के उरते. तापमान ४० अंश केले, तर हेच आकडे ८५ आणि ६५ होतात. म्हणजे भरलेली आणि गरम बॅटरी, काही काम न करता, वर्षात आपला तिसरा हिस्सा गमावून बसते.

आणि चाळीस अंश हे आपल्याकडे काही दूरचे तापमान नाही. एप्रिल २०२४ मध्ये हवामान खात्याने ठाणे जिल्ह्याला उष्णतेच्या लाटेचे इशारे दिले होते ते अनेकांना आठवत असतील. पण लाट नसतानाही, मे महिन्याच्या दुपारी पंख्याखालच्या खोलीत तेहेतीस-चौतीस अंश असतात. त्या खोलीत लॅपटॉप गादीवर किंवा गोधडीवर ठेवला, की खालची हवेची जाळी बंद होते आणि त्याच्या पोटात चाळीस सहज ओलांडले जातात. त्यात घोडबंदर रस्त्याची धूळ. वर्षानुवर्षे चाललेली मेट्रोची आणि पुलांची कामे या भागातल्या खिडक्यांतून जे काही आत पाठवतात, त्यातले थोडे लॅपटॉपच्या पंख्यातही जाऊन बसते. वर्षातून एकदा पंखा साफ करून घेणे हा बॅटरीच्या आयुष्यावरचा सर्वांत स्वस्त उपाय आहे, पण ‘बॅटरीची काळजी’ म्हटले की तो कुणाला आठवत नाही.

मग आपल्या बॅटरीचे काय झाले आहे हे कसे ओळखावे? पडद्याच्या कोपऱ्यात दिसणाऱ्या शंभर टक्क्यांवर जाऊ नका. गाळाने भरत चाललेले धरणही पावसाळ्याच्या शेवटी ‘शंभर टक्के भरले’ म्हणून जाहीर होऊ शकते. पाणी मात्र पूर्वीइतके नसते. बॅटरीतला गाळ मोजायचा तर मूळ क्षमता आणि आजची क्षमता शेजारी ठेवून पाहावी लागते, आणि ही सोय प्रत्येक विंडोज लॅपटॉपमध्ये फुकट आहे. शोधायच्या चौकटीत सीएमडी ही इंग्रजी अक्षरे टाका. काळी खिडकी उघडेल. तिच्यात इंग्रजीत ‘पॉवरसीएफजी’ असे सलग लिहा, एक जागा सोडा, उजवीकडे झुकलेली तिरपी रेघ द्या आणि तिला चिकटून ‘बॅटरीरिपोर्ट’ लिहा. एंटर दाबल्यावर एक अहवाल तयार होतो आणि तो कुठे ठेवला आहे तेही तिथेच लिहून येते. तो उघडला की वरच्या भागात दोन ओळी सापडतील: डिझाइन कपॅसिटी आणि फुल चार्ज कपॅसिटी. पहिली जन्माच्या वेळची, दुसरी आजची. पहिली समजा ४२,००० आणि दुसरी २९,४०० असेल, तर बॅटरीत सत्तर टक्के जीव आहे. बऱ्याच लॅपटॉपवर सायकल काउंटही दिसतो. एक सायकल म्हणजे एकदा वायर लावणे नव्हे, तर एकूण शंभर टक्के वापर. आज पन्नास आणि उद्या पन्नास वापरली, की दोन दिवसांची मिळून एक सायकल. मॅकबुकवाल्यांनी ऑप्शन हे बटण दाबून धरून सफरचंदाच्या मेन्यूत सिस्टिम इन्फर्मेशन आणि तिथे पॉवर पाहावे.

या अहवालातली मला सर्वांत उपयोगी वाटते ती खालची तक्ता-वजा नोंद, जिच्यात क्षमता आठवड्यागणिक कशी उतरत गेली ते दिसते. क्षमता सावकाश, एकसारखी उतरत असेल तर ते वार्धक्य आहे; त्याला औषध नाही आणि त्याची गरजही नाही. एकदम पंधरा-वीस टक्क्यांची पायरी पडलेली दिसली, तर एखादी सेल बिघडली असण्याचा संभव आहे. तीस टक्के दाखवत असताना लॅपटॉप फटकन बंद पडतो, ही तक्रार दोन कारणांनी येते. एक म्हणजे बॅटरीतल्या मोजमापाच्या चिपचा अंदाज चुकू लागलेला असतो. दर तीन-चार महिन्यांनी एकदा दहा-पंधरा टक्क्यांपर्यंत उतरवून सलग पूर्ण भरली की तो पुष्कळदा जागेवर येतो. मुद्दाम उतरवण्याचे एवढे एकच सबळ कारण उरले आहे. तेवढ्याने फरक पडला नाही, तर मात्र सेल थकल्या आहेत. ‘प्लग्ड इन, नॉट चार्जिंग’ असे दिसले म्हणून घाबरून बॅटरी बदलणारेही भेटतात. चार्जर दुसऱ्या कंपनीचा असतो, किंवा चार्जिंगची मर्यादा ऐंशीवर लावलेली असते आणि ती लावली आहे हे घरात फक्त मुलाला माहीत असते.

ही ऐंशीची मर्यादा हाच घरबसल्या लॅपटॉपवरचा खरा उपाय. लेनोव्होत तिला कॉन्झर्व्हेशन मोड म्हणतात, आसूसमध्ये बॅटरी हेल्थ चार्जिंग, एचपीत बॅटरी हेल्थ मॅनेजर. डेलच्या बायोसमध्ये ‘प्रायमरिली एसी यूज’ असा पर्याय असतो. सेटिंग शोधायला पाच मिनिटे लागतात. एकदा ते लावले, की वायर दिवसभर राहू द्या. लॅपटॉप थेट विजेवर चालतो आणि बॅटरी तिघांच्या बाकावर सुखाने बसते. हे न करता, गॅसवरच्या दुधाकडे पाहावे तसे टक्क्यांकडे पाहत ऐंशीला बटण बंद आणि चाळीसला चालू करणारी मंडळी आहेत. त्यांच्या चिकाटीला नमस्कार. पण हे काम यंत्राचे आहे.

इथे कुणी हात वर करील आणि म्हणेल, की लाइट गेल्यावर काय? प्रश्न रास्त आहे, आणि ठाणेकराला तो विचारण्याचा विशेष हक्क आहे. १२ ऑक्टोबर २०२० रोजी, सोमवारी सकाळी दहाच्या सुमारास कळवा आणि पडघा यांच्या दरम्यानची ४०० केव्हीची यंत्रणा कोलमडली आणि मुंबई, ठाणे, नवी मुंबई एकदम अंधारात गेली. कळवा खाडीपलीकडे, पडघा भिवंडी तालुक्यात. मुंबईचा श्वास ज्या दोन ठिकाणी अडकला ती दोन्ही आपल्याच जिल्ह्यातली. लोकल थांबल्या, काही ऑनलाइन परीक्षा पुढे ढकलाव्या लागल्या, आणि काही भागांत वीज यायला बरेच तास लागले. घरून काम आणि घरून शाळा ऐन भरात असतानाचा तो दिवस. त्या सकाळी हजारो घरांत एकाच वेळी बॅटऱ्यांची परीक्षा झाली. अनेकांना त्या दिवशी प्रथमच कळले, की आपला लॅपटॉप वायरीशिवाय वीस मिनिटे चालतो.

‘म्हणूनच शंभर टक्के भरून ठेवावी’ असा निष्कर्ष काढणाऱ्यांनी थोडा हिशेब करावा. सतत शंभरवर आणि गरम ठेवलेली बॅटरी दोन वर्षांत साठ टक्क्यांवर आली, तर तिचे ‘पूर्ण भरलेले’ म्हणजे मूळच्या साठ. ऐंशीच्या मर्यादेत ठेवलेली बॅटरी नव्वद टक्के शाबूत राहिली, तर तिचे ऐंशी म्हणजे मूळच्या बहात्तर. कमी भरलेली बॅटरीच जास्त वेळ चालते. हे आकडे समजुतीसाठी घेतले आहेत, पण दिशा खरी आहे. तरीही नियमाचे सोवळे करू नये. पावसाळ्यातल्या वादळी आठवड्यांत, दुरुस्तीसाठी वीज बंद राहणार असा महावितरणचा संदेश आला असेल तेव्हा, मुलीची ऑनलाइन मुलाखत असेल त्या दिवशी, मर्यादा काढा आणि खुशाल शंभर करा. काम झाले की पुन्हा ऐंशी. चौथी सीट ही गरजेपुरती असते हे रोज प्रवास करणाऱ्यांना वेगळे सांगायला नको.

मे महिन्यात गावी जाणाऱ्यांसाठी एक सूचना. लॅपटॉप घरी ठेवून जाणार असाल तर तो निम्मा भरून, बंद करून, कपाटात ठेवा. शून्यावर नको. शून्यावर महिना-दोन महिने पडून राहिलेली बॅटरी आणखी खाली उतरते आणि मग तिच्यातले सुरक्षेचे सर्किट तिला कायमचे कुलूप लावू शकते. बरोबर नेणार असाल, तर वाटेत जेवायला उतरताना बंद गाडीत ठेवू नका.

आता बॅटरी खरोखर संपली आहे असे धरून चालू. साठ टक्क्यांच्या खाली आली असेल आणि तुम्हाला लॅपटॉप घेऊन हिंडायचे असेल, तर बदलावी. एका जागीच वापरायचा असेल आणि ती फुगलेली नसेल, तर बदलण्याची घाई नाही; दुकानदार काही म्हणो. बदलताना मात्र एक गोष्ट पाहा. बाळकुमहून कशेळीचा पूल ओलांडला की काल्हेर, पूर्णा, माणकोलीपर्यंत गोदामांची रांग सुरू होते. सगळ्या महामुंबईची ऑनलाइन खरेदी या शेडांमधून हिंडून येते. भर उन्हाळ्यात पत्र्याच्या छपराखाली काय तापत असेल याचा अंदाज बाहेरूनही येतो. बॅटरी खोक्यात असली तरी तिचे वय वाढतच असते, आणि उष्णतेत ते झपाट्याने वाढते. म्हणून ‘नवी कोरी, सीलबंद’ या शब्दांपेक्षा बॅटरीवर छापलेली उत्पादनाची तारीख महत्त्वाची. वर्षापेक्षा जुनी असेल तर सरळ नको म्हणा. बसवल्यावर दुकानातच वर सांगितलेला अहवाल काढून पाहा. नव्या बॅटरीची आजची क्षमता मूळ क्षमतेच्या जवळपास बरोबरीची असायला हवी. जुना लॅपटॉप विकत घेतानाही हाच अहवाल मागावा. गाडी घेताना किलोमीटर विचारतो, मग इथे संकोच कशाला? लॅमिंग्टन रोडवरचे चांगले दुकानदार तो अहवाल न मागता दाखवतात.

फुगलेल्या बॅटरीचा विषय वेगळा काढायला हवा, कारण तिथे प्रश्न पैशांचा राहत नाही. माउसच्या जागी असलेली बोटांची पट्टी वर उचलली गेली, तिचे बटण दाबेनासे झाले, लॅपटॉप सपाट टेबलावर डुगडुगू लागला किंवा झाकण नीट बसेना, तर आतली चपटी बॅटरी वायू धरून फुगली आहे. असा लॅपटॉप लोक महिनोन् महिने वापरतात. ‘चालतोय ना?’ चालतो हे खरे. सोनीने बनवलेल्या सदोष सेलमुळे २००६ मध्ये डेलला ४१ लाख बॅटऱ्या परत मागवाव्या लागल्या, तेव्हा त्यातल्या बहुतेक चालतच होत्या. २०१९ मध्ये ॲपलने एका जुन्या मॅकबुक प्रोच्या बॅटऱ्या परत मागवल्या आणि आपल्या नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाने ते लॅपटॉप विमानात आणू नका म्हणून प्रवाशांना सांगितले. आणि वसईतली सप्टेंबर २०२२ मधली घटना विसरण्यासारखी नाही: घरात रात्री चार्जिंगला लावलेल्या विजेच्या स्कूटरच्या बॅटरीचा स्फोट होऊन सात वर्षांचा मुलगा गेला. स्कूटरची बॅटरी लॅपटॉपच्या कितीतरी पट मोठी असते, हे मान्य. पण घराण्याचे नाव एकच आहे.

फुगलेली दिसली की लॅपटॉप बंद करा, वायर काढा, पुन्हा चार्जिंगला लावू नका. दाबून सपाट करण्याचा, टाचणीने हवा काढण्याचा प्रयोग अजिबात नको. हवा आत गेली की आग लागू शकते. गादी-पडद्यांपासून दूर, फरशीवर ठेवा आणि लवकरात लवकर जाणकाराकडून काढून घ्या. धूर किंवा चिरचिर आवाज आला तर तिच्यापाशी शौर्य दाखवू नका. माणसे बाहेर काढा आणि अग्निशमन दलाला बोलवा. त्यासाठीच बाळकुमला केंद्र आहे. काढलेली बॅटरी घंटागाडीत टाकू नये हे तर अनेकांना ठाऊकच नसते. कचऱ्याच्या गाडीत ती दाबली गेली की तिथेच पेट घेऊ शकते, आणि गाडीवर उभ्या असलेल्या माणसाला खाली काय आहे हे माहीत नसते. केंद्र सरकारच्या २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी वापरलेली बॅटरी परत गोळा करण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली आहे. कंपनीच्या सेवा केंद्रात ती घ्यायला सांगा. कुणी कुरकुर केली तर या नियमांचे नाव काढा.

आणि आता त्या कंपन्यांकडे वळू. साधारण २०१० पर्यंतचा लॅपटॉप उलटा केला की दोन खटके दिसत. ते सरकवले की बॅटरी हातात. अंगठ्याएवढ्या गोल सेलचे ते खोके होते; दुसरे विकत घ्या, बसवा, संपले. मग लॅपटॉप पातळ करण्याची स्पर्धा लागली. २००८-०९ च्या सुमारास ॲपलने बॅटरी आत बंद केली आणि बाकीचे मागे गेले. आता ती पंधरा-वीस बारीक स्क्रूंच्या आत असते, कुठे कुठे गोंदाने चिकटवलेली असते. पातळ लॅपटॉप दिसायला देखणा असतो यात शंका नाही. पण जो भाग सर्वांत आधी म्हातारा होणार हे बनवणाऱ्याला पहिल्या दिवसापासून माहीत आहे, तोच भाग सर्वांत खोल पुरून ठेवायचा, आणि लॅपटॉपची हमी तीन वर्षांची असली तरी त्याच भागाची पुष्कळदा एकच वर्षाची द्यायची, याला देखणेपणा म्हणवत नाही. चांगल्या चालणाऱ्या लॅपटॉपला लोक निव्वळ बॅटरीपायी निवृत्त करतात. सेवा केंद्रात बॅटरीचा खर्च ऐकला की ‘त्यापेक्षा नवाच घेऊ’ हे वाक्य आपोआप तोंडात येते. ज्या घरात दुसरा लॅपटॉप परवडत नाही तिथे मूल वीस मिनिटांच्या बॅटरीवर अभ्यास करते, वायर जिथे पोचते त्या कोपऱ्यात बसून.

युरोपीय संघाने यावर २०२३ मध्ये कायदा केला. १८ फेब्रुवारी २०२७ पासून तिथे विकल्या जाणाऱ्या अशा उपकरणांची बॅटरी ग्राहकाला साध्या अवजारांनी काढता-बदलता यायला हवी. आपल्याकडे ग्राहक व्यवहार खात्याने २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी पोर्टल सुरू केले, आणि दुरुस्तीसुलभतेचा निर्देशांक ठरवण्यासाठी नेमलेल्या समितीने मे २०२५ मध्ये अहवाल दिला. पंखा किंवा फ्रिज घेताना आपण तारे पाहतो, तसा हा आकडा खोक्यावर पाहायला मिळावा अशी कल्पना आहे. शिफारस सुरुवात स्मार्टफोन आणि टॅबलेटपासून करण्याची आहे. लॅपटॉपही त्यात पहिल्याच फेरीत हवा, असे माझे मत आहे; मध्यमवर्गीय घरात फोनपेक्षा तो महाग असतो आणि जास्त वर्षे चालवायचा असतो.

तोवर दिवाळीत किंवा जूनमध्ये, मुलांच्या कॉलेजप्रवेशाच्या सुमारास, लॅपटॉप घ्यायला जाल तेव्हा प्रोसेसर आणि रॅमच्या गप्पा झाल्यावर दुकानदाराला एवढे विचारा: बॅटरीची हमी किती वर्षांची, ती चिकटवलेली आहे की स्क्रूंवर, ऐंशी टक्क्यांची मर्यादा कुठे लावायची, आणि तीन वर्षांनी हीच बॅटरी मिळेल का, कितीला. पहिल्या प्रश्नाचे उत्तर पावतीवर लिहून घ्या.